गुनवोरच्या शिक्षेच्या फेऱ्या

आमच्या स्कारदाल गावात मूल चालायला लागलं की त्याच्या पायात स्की अडकवतात. त्यामुळे गाईवाल्या ऑडवारची गुनवोर बर्फावर सुसाट पळते, याचं गावात कुणालाच फारसं कौतुक नव्हतं. सगळे बोलायचे ते तिच्या नेमाबद्दल.

ती खेळायची त्या बायथलॉनमध्ये नुसतं पळून भागत नाही. पाठीवर रायफल घेऊन चढण चढायची, धापा टाकत मैदानात यायचं आणि छाती धडधडत असतानाच पाच काळ्या चकत्या टिपायच्या. कधी पोटावर पडून, कधी उभ्याने. गोळी लागली की चकती पांढरी होते. जितक्या चुकतील तितक्या वेळा बाजूच्या छोट्या वर्तुळात शिक्षेची फेरी मारायची, मग पुढची वाट. पोटावर पडून गुनवोर बऱ्यापैकी मारायची. उभी राहिली की मात्र रायफल हलायची आणि गोळ्या मागच्या बांधात जायच्या.

मी मैदानावर वाफल, म्हणजे जाळीदार गोड धिरडी, आणि कॉफी विकते. माझी टपरी नेमकी शिक्षेच्या वळणावर, त्यामुळे तिच्या आईलासुद्धा दिसली नसेल इतकी गुनवोर मला दिसली. पुढून जाताना ती ओरडायची, "तोर्डिस, कॉफी गरम ठेव, मी परत येतेच आहे!" आणि खरंच यायची.

तिचा प्रशिक्षक हॉलस्टेन आधी शाळेत कवायत शिकवायचा. त्याने तिला एका पायावर उभं करून दात घासायला लावलं, गोठ्यातल्या गोंगाटात रिकामी रायफल धरायला लावली. थोडाफार फरक पडला. तेविसाव्या वर्षी ती राष्ट्रीय संघाच्या राखीव गटात गेली, आम्ही केक कापला. पुढच्याच हिवाळ्यात त्यांनी तिला गोड शब्दांत घरी पाठवलं.

ती आली आणि वृद्धाश्रमात कामाला लागली. आता ही रायफल विकून टाकणार, असं सगळ्यांना वाटलं. हॉलस्टेनने एकदा माझ्या टपरीशीच तिला विचारलं, अजून किती वर्षं हे करणार? ती वाफल खात होती.

"मला पळायला आवडतं," ती म्हणाली. "आणि चुकलं की जरा जास्तच पळायला मिळतं."

हॉलस्टेन हसला नाही. पण दुसऱ्या दिवशी सकाळी तो तिच्या आधी मैदानावर हजर होता.

तीन वर्षांनी राष्ट्रीय स्पर्धा आमच्याच गावात आली. शेवटच्या दिवशी सगळ्यांनी एकदम सुटायची शर्यत होती. सगळ्यांच्या तोंडी नाव एकच, सुन्निवा ब्रोटेन. तिचा नेम असा की शिक्षेच्या फेरीत तिला पाहिल्याचं कुणाला आठवत नव्हतं. गुनवोरचं नाव यादीत खाली कुठेतरी होतं.

दुपारी दरीतून वारा सुटला. मैदानावरचे झेंडे कधी डावीकडे ताठ व्हायचे, कधी उजवीकडे. पोटावर पडून मारताना जमलं सगळ्यांना कसंबसं. उभ्याने मारायची पाळी आली आणि वारा अंगावर आला. एकेक नावाजलेली मुलगी चुकत गेली. सुन्निवाच्या चार चकत्या काळ्याच राहिल्या. ती वर्तुळाच्या तोंडाशी आली आणि तिथेच थांबली, कुणीतरी तिची वाट पुसून टाकावी तशी.

तेवढ्यात गुनवोर आली. तिच्याही तीन चुकल्या होत्या. माझ्यासमोरच तिने सुन्निवाच्या पाठीवर थाप मारली.

"अगं, पहिल्यांदाच आलीस का इकडे? चल, उभी राहिलीस तर गारठशील. आतल्या अंगाने धर, बाहेर बर्फ भुसभुशीत आहे."

सुन्निवा दचकली, मग तिच्या मागे निघाली. दोघी वर्तुळात गरगर फिरल्या. बाकीच्या खाली मान घालून, चडफडत फेऱ्या मारत होत्या. गुनवोरला त्या वर्तुळाचा खड्डा न् खड्डा पाठ. तिथून ती सुसाट बाहेर पडली, जणू तिला इतका वेळ कुणी जबरदस्तीने अडवून ठेवलं होतं.

शेवटच्या नेमाला ती पुन्हा दोनदा चुकली, पण बाकीच्या त्याहून जास्त चुकल्या. माझ्यापुढून जाताना कॉफीचं काही बोलली नाही, तेव्हा मी ओळखलं की ही आज सगळ्यांच्या पुढे आहे. जंगलातल्या चढणीवर तिला कुणी गाठू शकलं नाही. सुन्निवा तिसरी आली.

ऑडवारने आयुष्यात कुणाची स्तुती केलेली नाही. तो कुंपणापाशी आला, लेकीची टोपी सरळ केली आणि म्हणाला, "बरं पळालीस." मग नाक शिंकरायला म्हणून माझ्या टपरीमागे गेला आणि बराच वेळ तिथेच राहिला. मी त्याला कॉफी नेऊन दिली.

पुढच्या हिवाळ्यात गुनवोरला परदेशातल्या मोठ्या शर्यतींना नेलं. तिथे तिचा नंबर नेहमीच चाळिसाव्याच्या आसपास यायचा. परत आल्यावर सांगायची, जगातल्या सगळ्या थोर खेळाडूंच्या पाठी मी जवळून पाहिल्या. एकतिसाव्या वर्षी गुडघा कुरकुरायला लागला आणि तिने हसत हसत थांबायचं ठरवलं. निरोपाच्या शर्यतीला सुन्निवा लांबून गाडी चालवत आली. ती माझ्याकडे मुक्कामाला होती. रात्री जेवताना दोघी इतक्या हसत होत्या की माझ्या नवऱ्याला रेडिओवरच्या बातम्या काही ऐकू आल्या नाहीत.

आता गुनवोर नगरपालिकेचं बर्फ सपाट करायचं यंत्र चालवते. पहाटे उठून पाहिलं तर डोंगरावर तिचा दिवा फिरताना दिसतो, आणि आठ वाजता मुलं शाळेला निघतात तेव्हा वाट नवी कोरी असते.