शिळ्या पाण्याची रताळी

रताळं हे मूळ आणि बटाटा हे खोड, ही गोष्ट लातुरातल्या हजारभर डॉक्टरांना मी शिकवलेली आहे. (पुढे त्यातले डॉक्टर किती झाले ते ठाऊक नाही, पण क्लासला नाव घालताना सगळे होणारच होते.) फळ्यावर माझ्याइतकं देखणं रताळं साऱ्या शहरात कुणी काढत नसे. जमिनीत मात्र मी तोवर साधी कोथिंबीरही उगवून दाखवली नव्हती, आणि जळकोटकडच्या गावाहून माझी माय आली की हे न चुकता बोलून दाखवायची.

आमच्या परसात पत्र्याची एक खोली होती. भूकंपानंतर स्लॅबखाली झोपायची कुणाची छाती होईना, तेव्हा वडिलांनी ती घाईघाईनं उभी केली होती. पुढं भीती ओसरली, शहरात क्लासेसचं पीक आलं, आणि त्या खोलीत माझेच विद्यार्थी भाड्यानं राहू लागले. खोलीसमोर थोडी जागा रिकामी होती. तिथं मी रताळ्याचे वेल लावले आणि जाहीर करून टाकलं, की यंदा महाशिवरात्रीला आपल्या घरात बाजारचं रताळं येणार नाही.

बायकोनं विचारलं, "आन् पाणी?"

प्रश्न बरोबर होता. आमच्याकडं नळ आठवड्यातून एकदा यायचा (आला तर!). पण आमच्याकडची एक रीत मला ऐनवेळी आठवली. आठवडाभर जे पाणी आम्ही जीव लावून जपतो, ते नळाची फुसफुस ऐकू आली की एका क्षणात शिळं होतं. मग उरलेले हंडे आणि बादल्या गटारात पालथ्या. मी घरोघर जाऊन सांगितलं, शिळं पाणी गटारात कशाला, माझ्या वेलांना घाला, आणि शिवरात्रीला घरटी रताळी घेऊन जा. शेजारी हमीदभाई टेलर राहायचे. ते म्हणाले, "आमाला उपास न्हाई सर, पन रताळं चालतंय."

झालं! नळाच्या दिवशी सगळी गल्ली माझ्या परसात लोटायला लागली. कुणी हंडा ओतायचं, कुणी पिंप गडगडत आणायचं. वेल तर असे माजले, की पत्र्यावर चढले, खिडकीतून आत शिरून पोरांच्या वह्यांवर पसरले आणि भिंत ओलांडून हमीदभाईंकडं गेले. तिथं त्यांच्या शेळीनं परस्पर आपला वाटा खायला सुरुवात केली. मी रोज चहाचा कप घेऊन उभा राहायचो आणि मनात म्हणायचो, वर एवढं आहे तर खाली काय असेल!

खाली काय आहे ते बायकोनं शिवरात्रीच्या आदल्या दिवशी खुरप्यानं उकरून बघितलं. "सुतळी हाय नुसती," ती म्हणाली.

पाणी फार झालं की वेल पानांवर जातो आणि मूळ फुगत नाही, हे मला माहीत होतं. पुस्तकातही होतं. पण परीक्षेत त्यावर प्रश्न येत नसल्यामुळं मी ते पान दरवर्षी गाळत होतो. अहो, गल्लीनं पाणी दिलं होतं, आणि लातुरात माणूस एक वेळ जेवायला घालील, पाणी द्यायला दहादा विचार करतो.

त्याच संध्याकाळी माय आली. हातात उपासाच्या सामानाची फुगलेली पिशवी होती, ती तिनं कुणाला उघडू दिली नाही. मी तिच्यापुढं सगळं गाऱ्हाणं मांडलं. "उद्या गल्लीला कोणतं तोंड दाखवू, माय?"

"खणायच्या आदी कुनी रडतंय व्हय?" माय म्हणाली आणि पाय धुवायला गेली.

सकाळी गल्ली टोपल्या घेऊन हजर. खोलीतली पोरंही उठून बसलेली. माय ओट्यावरून म्हणाली, "हितं खण, बाबा." मी डोळे मिटून कुदळ घातली, आणि काय सांगू, रताळं निघालं! दुसरं निघालं, तिसरं निघालं! माझा आवाज आपोआप क्लासमधला झाला. मी म्हणालो, पाहा, मूळ अन्न साठवून कसं फुगतं. हमीदभाईंनी एक हातात घेऊन फिरवलं आणि विचारलं, "सर, ह्ये धुतल्यासारखं कसं हाय?" मी म्हणालो, शिळ्या पाण्याचा गुण. एका पोरानं विचारलं, हे वेलाला चिकटलेलं का नाही? मी म्हणालो, पक्व झालं की आपोआप सुटतं. (हे मी कुठं वाचलं होतं, देव जाणे.)

मग कुदळ टणकन वाजली. मी हात घालून ओढलं, आणि हातात चेंडूएवढं, टणक, पांढुरकं कवठ आलं. झाडावर लागतं ते कवठ! साऱ्या गल्लीसमोर ते मी वर धरून उभा होतो.

माय पदरात तोंड लपवत म्हणाली, "अंधारात पिशवी तशीच उलटी केली रे. आता कुटं दिसतंय मला."

पहिल्यांदा हमीदभाई हसले, मग गल्ली हसली, मग मीही. पण खरं सांगतो, डोळ्यांत पाणीही आलं. माझी लाज राहावी म्हणून म्हातारीनं आपला सगळा फराळ मातीत पुरला होता. बायको म्हणाली, "आत्याबाई, मग तुमच्या उपासाला काय?" माय म्हणाली, "ह्येच की. धून घ्या परत." रताळी उकडली, फोडी करून घरोघर वाटल्या, आणि कुणीही पाण्याचा हिशोब काढला नाही. त्या बागेचा खरा फायदा झाला तो एकट्या शेळीला.

दुसऱ्या दिवशी वर्गात गेलो तर फळ्यावर सुरेख वेल काढलेला. पानं, शिरा, माती, सगळं जागच्या जागी, आणि मातीखाली एक गोल कवठ. सगळा वर्ग माझ्याकडं बघत बसलेला. मी खडू उचलला आणि पैकीच्या पैकी मार्क दिले. स्वतःच्या हातानं खणून काढलेलं मी चूक कसं म्हणणार!