बाबांनी शिजवलेल्या ब्लॅकबेरी

नव्वदच्या दशकात मी न्यूझीलंडमधल्या लोअर हटला नर्स होते, तेव्हा बाबा पुण्याहून आमच्याकडे राहायला आले. त्यांनी जन्मात कधी गॅस पेटवला नव्हता. एका रविवारी मी ड्यूटीवरून घरी आले, तर ते पातेल्यात ब्लॅकबेरी ढवळत होते. माझ्या लेकीबरोबर नदीकाठी जाऊन त्यांनी त्या तोडल्या होत्या आणि शेजारणीला विचारून साखर, लिंबू घालून शिजत ठेवल्या होत्या. काट्यांनी त्यांचे हात ओरखडले होते, सदरा जांभळा झाला होता.

“आजोबा, इट्स रेडी,” लेक म्हणाली.

“थांब, जरा दाट होऊ दे.” मग ते माझ्याकडे वळले. “तू बस. आज मी वाढतो.”

दह्यावर ओतलेला तो गरम, आंबटगोड पाक मी वाटी बोटांनी पुसून खाल्ला. बाबांनी खुशीत येऊन न विचारताच पुन्हा वाढला.