झेलियाचा उजेड

बॉनला आमच्या खालच्या मजल्यावर झेलिया राहते. मूळची ब्राझीलमधल्या बेलेमची. तिथे मामाबरोबर लग्नांचं शूटिंग करता करता ती कॅमेरा शिकली आणि एका जर्मन साउंड रेकॉर्डिस्टच्या प्रेमात पडून इकडे आली. प्रेम टिकलं नाही, झेलिया टिकली. कित्येक वर्षं तिला सिनेमा मिळालाच नाही. पंप आणि ओव्हन बनवणाऱ्या कारखान्यांचे जाहिरातपट करायची. अशाच एका बेकरीच्या फिल्ममधले कामगारांचे चेहरे पाहून उल्रिकं नावाच्या दिग्दर्शिकेनं तिला शोधून काढलं. मग दोघींनी मिळून बरेच चित्रपट केले, बक्षिसंही मिळवली.

तीन वर्षांपूर्वी झेलियाचा उजवा हात थरथरायला लागला. पार्किन्सन्स. तिनं कॅमेरा कपाटात टाकला, उल्रिकंचे फोन घेणं थांबवलं. मी सूप घेऊन गेले की म्हणायची, "नंदिनी, आता मी फक्त तुझी शेजारीण."

गेल्या मार्चमध्ये सासूबाई पुण्याहून आल्या. झेलियानं आम्हाला कॉफीला बोलावलं. मी फोटोसाठी मोबाइल काढला, तर सासूबाईंनी हात आडवा धरला. "नको गं. फोटोत मी नुसती काळी दिसते. नाकडोळे शोधावे लागतात."

मी ते जर्मनमध्ये सांगितलं. झेलिया ताडकन उठली. "माझ्या आईचे फोटोही असेच यायचे! चूक चेहऱ्याची नाही, उजेडाची!"

मग मला कामाला लावलं. दिवा बंद कर, खुर्ची खिडकीशी घे, उजेड परतवायला ती पांढरी चादर धर, वर, अजून वर! कपाटातला कॅमेरा स्टँडवर चढला; माझा एक हात चादरीला, दुसरा बटणावर. सासूबाईंच्या गालाकडे टक लावून बघत ती थांबली आणि ओरडली, "आत्ता दाब!"

स्क्रीनवर स्वतःला पाहून सासूबाई आणखी जवळ वाकल्या. मग पदरानं डोळे टिपत म्हणाल्या, "अगं बाई, मी बरी दिसते की!"

झेलियाला भाषांतर लागलं नाही.

त्याच आठवड्यात तिनं उल्रिकंला फोन केला. "कॅमेरा दुसरं कुणीतरी धरेल. उजेड मी ठरवीन. चालेल?"

"अगं, एवढं विचारायला दोन वर्षं?" उल्रिकं म्हणाली आणि रडायलाच लागली.

ऑक्टोबरमध्ये बॉनजवळच्या आयफेलच्या डोंगरात शूटिंग झालं. मी एका शनिवारी डबा घेऊन गेले. झेलिया शाल गुंडाळून खुर्चीत बसली होती. थरथरत्या बोटानं दिवे हलवून घेत होती, थालीपीठ खात होती आणि तोंडात घास असतानाच सगळ्यांवर ओरडत होती.