शोभेची पायरी

अण्णांना व्हॅनमध्ये चढता येईना, तेव्हा मला वाटलं, त्यात काय, एक पायरी बसवून घेऊ. एका दुपारचं काम. एवढ्याशा कामापायी माझ्या नाकी नऊ येतील असं कुणी सांगितलं असतं, तर मी त्यालाच वेड्यात काढलं असतं.

अण्णा म्हणजे माझे वडील. आमचा धंदा जनावरांच्या साजाचा. कासरे, दावी, म्होरक्या, बैलांच्या शिंगांना बांधायचे गोंडे, शेळ्यामेंढ्यांच्या गळ्यातल्या घंट्या. सोलापुरात माल भरायचा आणि बार्शी, करमाळा, मधली गावं असे आठवडी बाजार करत फिरायचं. पूर्वी गाडी अण्णाच चालवायचे. गुडघे गेले तसं स्टेअरिंग माझ्याकडे आलं आणि अण्णा शेजारच्या सीटवर गेले. बैल कमी झाले तसं गिऱ्हाईकही कमी झालं, पण अण्णा पोतं अंथरून बसले की माणसं आपोआप जमायची. कुणाचा बैल मारका आहे, कुणाच्या मेंढ्या कुणाच्या रानात बसायला गेल्यात, सगळं त्यांना तोंडपाठ. घरी मात्र, आई गेल्यापासून, हा माणूस टीव्हीकडे तोंड करून बसतो आणि टीव्ही बंद असला तरी त्याला फरक पडत नाही. बाजार सुटला की अण्णा संपले, हे मला लख्ख दिसत होतं.

आमची व्हॅन मालवाहू, पांढरी, साधी. पुढची सीट चाकाच्या वर येते. चढायचं म्हणजे एक पाय चांगला वर उचलायचा आणि सगळा भार दुसऱ्यावर घ्यायचा. अण्णांचा कुठलाच गुडघा त्याला तयार नव्हता. एकदा बार्शीचा बाजार उठल्यावर ते दाराला धरून नुसते उभेच राहिले. शेजारी बसणाऱ्या दोघा दुकानदारांनी धावत येऊन त्यांच्या काखेत हात घातले आणि "उचला रं अण्णाला" म्हणत सीटवर ठेवलं. चांगल्या मनानंच केलं बिचाऱ्यांनी. त्यातला एक, नाड्या-दोऱ्या विकणारा, हसत म्हणाला, "अण्णा, फुडच्या बाजाराला पोत्यात बसूनच या की." सगळे हसले. अण्णाही हसले.

पुढच्या बाजाराला म्हणाले, पोट बिघडलंय. त्याच्या पुढच्याला म्हणाले, कुणीतरी भेटायला येणार हाय. कोण येणार होतं? कुत्रंसुद्धा आलं नाही.

"पायरी बसवून घेऊ," मी म्हणाले. "तुमच्या बाजूच्या दाराखाली."

"बसवायची तर दोन्ही अंगाला बसव," अण्णा म्हणाले. "आन नुसती पायरी कशाला? खालनं काळी पट्टी घे, चाकांवर कमानी घे, फुडं बंपरला कायतरी लाव. गाडी कशी नटल्याली दिसली पायजे."

"अण्णा, मला पायरी पायजे. गाडी नवरदेवाला न्यायची न्हाय."

"बैलाच्या एकाच शिंगाला गोंडा बांधतीस का तू? साज जोडीनंच असतोय."

झालं. माणसाचा जन्म साज विकण्यात गेला, आता म्हातारपणी गाडीला साज चढवायची हौस सुटली, असं मी धरून चालले. चिडले. पण कितीतरी दिवसांनी ते कशासाठी तरी हट्ट करत होते, म्हणून म्हटलं, चला. त्यांना रिक्षात घालून सात रस्त्याच्या चौकात पाठवलं. मी मागून व्हॅन घेऊन.

तिथल्या एका दुकानात गाड्यांना नटवायचं सगळं मिळतं. दुकानदाराच्या कानाला फोन, एका हातात चहा, आणि उरलेलं लक्ष आमच्याकडे. त्याने मोबाइलवर फोटो दाखवायला सुरुवात केली. छपरावर मागे लावायचा स्पॉयलर. दारांना चकचकीत पट्ट्या. पुढे लोखंडी गार्ड.

"एकदम स्पोर्टी लुक येतोय, ताई."

"दादा, आमच्या गाडीत शेळीच्या घंट्या असतात. ती पळणार कुटं? आन ते गार्ड लावलं तर पासिंगला आमालाच अडवतील. पायरी दाखवा."

तो पायरी सोडून सगळं दाखवत होता. अण्णा स्टुलावर बसून एकेक वस्तू हातात घेत होते, कडांवरून बोट फिरवत होते. कासरा घेतानाही ते असंच करतात. एक पट्टी त्यांनी परत दिली. "हिला धार हाय. बाजारात जनावर घासून गेलं तर कापंल." दुसरीला म्हणाले, रंग उडंल. माझं डोकं तापत होतं. दुकानासमोर व्हॅन आडवी लागलेली, मागून हॉर्न वाजतायत, पोलीस बघतोय, आणि आमचे अण्णा जणू पोरीच्या लग्नाचा शालू निवडतायत.

शेवटी त्यांनी एक किट पसंत केलं. चाकांवरच्या काळ्या कमानी, दोन्ही बाजूंना दाराखालून जाणारी काळी पट्टी, आणि त्या पट्टीला बाहेर आलेला रुंद काठ. खोक्यावरच्या चित्रात तो काठ सरळ सरळ पायरी दिसत होता.

"पायरी हाय ना यात?" मी विचारलं.

"साइड स्टेप हायच की, ताई. कंप्लीट किट हाय."

मग सुरू झाल्या खेपा. किट आलं ते दुसऱ्याच गाडीचं. कमानी चाकाला बसेनात. परत पाठवलं. नवीन आलं त्यात दोन्ही पट्ट्या उजव्या बाजूच्या. "डावी उद्या येती, ताई." उद्या गेले तर परवा. परवा गेले तर फिटिंगवाला गावाला. बाजार येत होते नि जात होते. मी एकटी माल लावायचे, एकटी काढायचे. गिऱ्हाईक येऊन विचारायचं, "अण्णा कुटं?" आणि घंटी हातात घेऊन, वाजवून, परत ठेवून निघून जायचं. घरी आले की अण्णा विचारायचे, "आली का डावी?" दुसरं काही नाही. बाजारात कोण भेटलं, काय खपलं, काही नाही. मी म्हणायचे, येतीय. माझा जीव नुसता जळायचा.

एकदाची डावी आली. पत्र्याला भोकं पाडून, स्क्रू मारून सगळं बसवलं. खोटं कशाला बोलू, गाडी देखणी दिसत होती. अण्णा धुतलेला सदरा घालून आले होते. गाडीभोवती एक फेरी मारली, कमानीवर थाप मारली, माझ्याकडे बघून मान हलवली. मग आपल्या बाजूचं दार उघडलं, वरची कड धरली आणि पाय त्या काठावर ठेवून भार टाकला.

कट्कन आवाज झाला. पट्टी मधोमध मोडून खाली लोंबली. अण्णा दाराला लटकले. मी मागून कमरेला मिठी मारली म्हणून, नाहीतर त्या वयात हाड मोडायला कितीसा वेळ लागतो. दुकानदार बाहेर धावत आला. मला वाटलं, अण्णांना धरायला येतोय. तो पट्टीपाशी खाली बसला.

"ताई, त्याच्यावर पाय द्यायचा नसतोय. ते लुकसाठी असतंय."

"पायरीवर पाय द्यायचा न्हाय तर काय नारळ फोडायचा का तिच्यावर?"

"शोभेची असती ती, ताई. पिलॅस्टिक हाय."

त्यानंतर मी जे बोलले ते लिहिण्यासारखं नाही. सात रस्त्याची निम्मी माणसं थांबून ऐकत होती. मी त्याच्या दुकानाचा, त्याच्या मोबाइलचा, त्याच्या कंप्लीट किटचा, सगळ्यांचा उद्धार केला. तो म्हणत होता, बदलून देतो, आणि मी म्हणत होते, बदलून काय देणार, दुसरी शोभा? एवढ्यात अण्णा हळूच म्हणाले, "बास कर. मान्सं बघायलीत." त्यांनी रिक्षाला हात केला. रिक्षा खाली असते, तिच्यात ते नीट बसले आणि मागे वळून न बघता घरी गेले. मी मागोमाग व्हॅन नेली. तुटकी पट्टी प्रत्येक गतिरोधकावर खर्र करत घासत होती, आणि मला त्या दुकानदाराचा नि गतिरोधकाचा, दोघांचाही सारखाच राग येत होता.

दुसऱ्या दिवशी सकाळी अण्णांना चहा दिला आणि सांगितलं, "ती नाटकं आता बंद. सगळं काढून टाकते. वेल्डरकडनं एक लोखंडी पायरी करून घेते, तुमच्या बाजूला. मजबूत. संपला विषय."

"एक नको," अण्णा म्हणाले. "पायरीच नको. तू जात जा बाजाराला. मी आता येत न्हाय."

मग मात्र माझा तोल सुटला. "तुमच्या हौसेपायी मी वणवण फिरले. धंदा सोडून त्या मान्साच्या दारात बसले. गाडीच्या पत्र्याला भोकं पाडून घेतली. आन आता म्हनता, येत न्हाय? नटायचं न्हाय तर यायचं न्हाय, व्हय?"

अण्णांनी कपबशी खाली ठेवली. मग म्हणाले, "एका अंगाला पायरी, ती पन माज्या अंगाला. बाजारात गाडी लागली की मान्सांला पयलं काय दिसंल? म्हातारा दिसंल. गाडी सगळीच नटल्याली असती तर पायरी त्यात खपून गेली असती. कुनी इचारलं नसतं, कुनासाठी म्हनून."

मी त्यांच्यासमोर खाली बसले.

"माजा जन्म गेला त्या बाजारात," अण्णा म्हणाले. "मला पोत्यावानी उचलून ठिवलं. तुज्या देखत."

मला रडू आलं नाही, संताप आला. अहो, मग हे आधी सांगायला काय झालं होतं? शिंगं आणि गोंडे कशाला सांगत बसलात मला? पण तो संताप त्यांच्यावर काढायचा नव्हता, हे कळत होतं. कुणावर काढायचा तेही कळत नव्हतं. मी कपबशी उचलली आणि मोरीत जाऊन ती उगाचच दोनदा घासली.

वेल्डरकडे अण्णांना मीच ओढून नेलं. अक्कलकोट रोडला पत्र्याच्या शेडमध्ये त्याचं काम चालतं. तोही काही कमी नव्हता. सकाळी या म्हणाला आणि स्वतः दुपारी उगवला. आल्यावर पहिल्यांदा दोन्ही पट्ट्या काढल्या आणि स्क्रूची भोकं बघून हसला, ते मला चांगलंच झोंबलं. मी अण्णांना पाय जमेल तेवढा उचलायला लावला आणि तिथं खडूनं चाकावर रेघ मारली. तेवढ्या उंचीवर लोखंडी पायरी ठरली, खाली चेसिसला बोल्ट मारून, वर खरखरीत पत्रा.

"दो कायकू, ताई?" तो म्हणाला. "बाबा तो इदरिच बैठते ना. ड्रायव्हरकू क्या जरूरत?"

"दोन पायजेत."

"फोकट लोखंड जाता, ताई."

"दोन म्हटलं ना. दोन म्हंजे दोन. दोन्ही अंगाला सारक्या."

अण्णा शेडच्या खांबाला टेकून उभे होते. त्यांनी माझ्याकडे एकदा पाहिलं आणि मग वेल्डरला म्हणाले, "काळा रंग मार. त्या कमानीला जुळंल असा." म्हणजे कमानी काढायच्या नव्हत्या. ठीक आहे, राहू देत कमानी. मी आता कशालाच नाही म्हणायच्या मनःस्थितीत नव्हते.

पुढचा बाजार बार्शीचा. अण्णा सकाळी पायरीवर पाय देऊन स्वतः चढले, तिरके होऊन, दमादमानं. मी मुद्दाम दुसरीकडे बघत आरसा पुसत बसले. पोचल्यावर मी माझ्या बाजूनं उडी मारून उतरले, मागचं दार उघडलं आणि कासऱ्यांचे दोन गठ्ठे दोन्ही खांद्यांवर टाकले. पुढून अण्णाही उतरले, एक पाय पायरीवर, दुसरा जमिनीवर. कुणी हात द्यायला यायच्या आत ते उभे होते.

तरी तो नाड्या-दोऱ्यावाला आलाच. गाडीभोवती फिरला, कमानी बघितल्या, वाकून पायरी बघितली, तिच्यावर बुटानं टकटक केलं.

"अण्णा, गाडी लई नटवली की. आन ह्या पायऱ्या? कुनासाठी ह्या?"

खपून जाईल म्हणे. पहिल्याच माणसानं विचारलं. माझे हात गठ्ठ्यात अडकलेले, तोंड उघडलं तर शिवीच येणार होती.

अण्णांनी पोतं झटकलं, नीट अंथरलं, कोपरे सरळ केले. "पोरीसाठी," ते म्हणाले. "तिचा गुडगा गेलाय. चडताना लई वरडती."

तो माझ्याकडे बघायला लागला. खांद्यावर दोन गठ्ठे घेऊन मी ताठ उभी होते. "एवड्या तरन्या वयात?" तो म्हणाला.

अण्णा माझ्याकडे बघत नव्हते. ते घंट्या मांडत होते, मोठी, मग मधली, मग बारीक, आणि त्यांचा हात मधल्या घंटीवर थांबला होता.

"व्हय," मी म्हणाले. "लई दुकतोय."

"तेल लाव की," तो म्हणाला आणि आपल्या जागेवर जाऊन बसला.

गठ्ठे खाली ठेवले. पाण्याची बाटली गाडीत राहिली होती. तो बघत होता, म्हणून मी दाराला धरलं, पायरीवर पाय ठेवला आणि कण्हत कण्हत वर चढले.