वाटत नसतानाचं प्रेम

प्रार्थनेच्या वेळी मार्थाबाई डोळे मिटत नसत. चर्चच्या महिला मंडळात आम्ही सगळ्या पदर डोक्यावर घेऊन माना खाली घालायचो आणि त्या उघड्या डोळ्यांनी एकेकीचं तोंड न्याहाळत बसायच्या. मला हे ठाऊक होतं, कारण मीही चोरून एक डोळा उघडायची. एकदा पाळकसाहेबांच्या पत्नीने त्यांना हटकलं. तेव्हा त्या म्हणाल्या, "देव दिसत न्हाय, त्याच्यासाठी डोळं मिटायचं ते ठीक. पण ह्या बाया दिसत्यात की! कोण रडून आलीया, कोण उपाशी बसलीया, ते डोळं मिटून कसं कळायचं मला?"

त्यांनी तीस वर्षं एका दवाखान्यात आया म्हणून काम केलं होतं. उंच, सडसडीत, काळ्यासावळ्या. घड्याळ मनगटाच्या आतल्या बाजूला बांधायच्या, नर्सबाया बांधतात तसं. बोलणं असं खणखणीत, की गल्लीच्या तोंडाशी बोलल्या तर शेवटच्या घरात ऐकू जायचं. मी नेमकी उलटी. चौथीनंतर शाळा सुटली, आणि चार माणसांत तोंड उघडायचं म्हटलं की मी मागे सरकते.

मंडळात प्रत्येकीने एकेक वचन पाठ म्हणायची रीत आहे. माझी पाळी आली की मी सगळ्यात लहान वचन म्हणायची, "येशू रडला." एवढं म्हणून खाली बसायची. दर खेपेला तेच. बाया फिदीफिदी हसायच्या. एक दिवस एकजण म्हणाली, "सुमनताई, आता त्याला गप्प करा की, किती रडवतायसा!" सगळी खोली हसली. मला धरणीने पोटात घ्यावं असं झालं.

मार्थाबाई हसल्या नाहीत. म्हणाल्या, "हसतायसा काय? तो कशापायी रडला, सांगा बघू कुणीतरी. लाजर मेला म्हणून. दोस्त हुता त्याचा. आता घटकाभरानं आपण ह्याला मरणातनं उठवणार हाय, हे त्याला ठावं हुतं. तरीबी रडला. का? तर त्याच्या बहिणी रडालत्या. मैतराचं प्रेम म्हंत्यात ते हे. ह्या पोरीनं दोन शब्दांत सांगितलं, तुमास्नी ते कळंना."

त्या आमच्याच गल्लीत राहायच्या. त्या दिवशी मी त्यांच्याबरोबर चालत घरी आले, आणि पुढची अकरा वर्षं त्यांच्याबरोबरच राहिल्यासारखी राहिले.

मी चपलांच्या वेण्या विणते. कोल्हापुरीच्या पट्ट्यावर चामड्याची बारीक वेणी असते ना, ती. दुपारी आमच्या उंबऱ्याशी बसून माझं काम चालायचं आणि मार्थाबाई पायरीवर बसून बोलायच्या. पाळकसाहेबांनी एकदा उपदेशात सांगितलं, की ग्रीक भाषेत प्रेमाला चार वेगवेगळे शब्द आहेत. बाई घरी येईपर्यंत तेच घोळवत होत्या. "आपल्यात काय कमी हायेत व्हय? लेकराची माया. मैतरणीचा लळा. नवऱ्यावर जीव. ते याकोबाचं बघ, राहेलीशी लगीन व्हावं म्हणून सात वर्षं मेंढरं राखली, आन् त्याला ती चार दिसांवानी वाटली म्हणं. जीव असला की असं हुतंय. आन् त्यो उधळ्या पोराचा बाप, घर सोडून गेलेलं पोरगं लांबनं दिसल्याबरुबर म्हातारा पळत सुटला. माया ती."

"आणि चौथं?" मी विचारलं.

"चौथ्याला आपल्यात सुटा शब्द न्हाय गं. ते करूनच दाखवाय लागतंय."

मला तेव्हा ते नीटसं कळलं नाही. कळायची वेळ चार वर्षांपूर्वी आली. माझ्या सासूबाई, त्यांना आम्ही आत्या म्हणतो, हातकणंगल्याला थोरल्या मुलाकडे राहायच्या. न्हाणीत पाय घसरून पडल्या, खुबा मोडला. ऑपरेशन झालं. दवाखान्यातून घरी सोडायच्या दिवशी थोरल्या जावेने फोन करून सांगितलं, "माझ्यानं हुणार न्हाय. तुमी न्या." माझे मालक टेम्पो चालवतात, गरीब माणूस. ते माझ्यासमोर बसले आणि एवढंच म्हणाले, "तू म्हणशील तसं." मग उठून बाहेर गेले.

ते असं का विचारतायत, हे आम्हा दोघांनाही माहीत होतं. वीस वर्षांपूर्वी माझं पहिलं मूल, मुलगा, आठ दिवसांचा होऊन गेला. त्याला पुरून माणसं घरी आली, तेव्हा आत्या सगळ्यांच्या देखत म्हणाल्या होत्या, "हिच्या अंगात दूध न्हाय, लेकरू जगंल कसं?" पुढे मला दोन मुली झाल्या, दोघी धडधाकट आहेत. पण ते वाक्य माझ्यातून निघालं नाही. आत्या हातकणंगल्याला थोरल्याकडे गेल्या, आम्ही इथंच वेगळं राहायला लागलो. नाताळला मी त्यांच्या पाया पडायची, तेवढंच.

मी मार्थाबाईंकडे गेले आणि रडले. "बाई, माझ्या मनात त्यांच्याबद्दल काहीच नाही. मायाही नाही, दयाही नाही. मग घरी आणून करायचं म्हणजे खोटंच की ते."

"तुला वाटाय पायजे, असं कुणी सांगितलं?"

मी पदराने डोळे पुसले.

"येशूचा चेला पेत्र, त्याचं काय झालं? येशूला धरून न्हेलं तवा तीनदा म्हणाला, मी ह्याला वळखत न्हाय. मग तळ्याकाठी येशूनं काय केलं? आधी निखाऱ्यावर मासं भाजून त्याला खाऊ घातलं. मग इचारलं, माझ्यावर प्रेम करतोस का? तीनदा इचारलं. आन् तिन्ही खेपेला म्होरं कामच सांगितलं, माझी मेंढरं राख. तुला काय वाटतंय, असं एकदाबी इचारलं न्हाय. वाटणं पावणं हाय सुमे. येईल तवा येईल. ते येईस्तवर चूल पेटवायची न्हाय व्हय?"

मग त्यांनी मला कधी न सांगितलेलं सांगितलं. "माझ्या मालकानं दुसरी बाई केली हुती. लकवा झाल्यावर तिनं त्याला माझ्या दारात आणून टाकला. चार वर्षं केलं मी त्याचं. खोटं कशाला बोलू, मला एक दिसबी त्याच्याबद्दल कायबी वाटलं न्हाय. पर माझ्या घरात माणूस ओल्या अंथरुणात मेला न्हाय."

आत्यांना आम्ही घरी आणलं. मार्थाबाई रोज सकाळी यायच्या. चादरीच्या आधाराने आजारी माणसाला कुशीवर कसं वळवायचं, पाठीला जखम होऊ नये म्हणून काय बघायचं, हे त्यांनीच मला शिकवलं. पण स्वतः हात लावायच्या नाहीत. "तू कर. मी नुसती धरती." मी सगळं वेळच्या वेळी करायची. अंग पुसायचं, गोळी, पेज, वेणीफणी. तोंडातून मात्र शब्द काढायची नाही. आत्याही बोलायच्या नाहीत. माझ्या मनात एक ताठा आला होता, की बघा, तुम्ही काय बोलला होता आणि मी काय करतेय.

पंधरा दिवसांनी मार्थाबाईंनी मला मोरीपाशी गाठलं. "काय करालीयास गं तू?"

"का? चुकलं काय माझं?"

"ताटली आपटून ठेवालीयास. पाणी ठेवालीयास ते तिकडं तोंड करून. म्हशीपुढं वैरण टाकतानाबी माणूस दोन शब्द बोलतं. ही सेवा न्हवं सुमे. तू सूड उगवालीयास, तोबी पेज पाजून."

मला इतका राग आला, की दोन दिवस मी त्यांच्याशी बोलले नाही. राग यायचं कारण असं, की ते खरं होतं. आणि मला तर वाटत होतं, हेच ते चौथं प्रेम. वाटत नसताना करायचं, एवढं मी घेतलं होतं. कसं करायचं, ते सोडून दिलं होतं.

तिसऱ्या दिवशी पेज भरवताना मी आत्यांच्या तोंडाकडे बघितलं. काय बोलावं ते सुचेना. शेवटी विचारलं, "मीठ बरं आहे का?"

आत्या दचकल्याच. मग म्हणाल्या, "कमी हाय. पंधरा दिस झालं कमीच हाय."

पायरीवर बसलेल्या मार्थाबाई एवढ्या मोठ्याने हसल्या, की समोरच्या घरातली बाई बाहेर आली. मलाही हसू आलं. आत्यांना आलं नाही, पण त्यांनी त्या दिवशी पेज संपवली.

तिथून पुढे फार मोठं काही घडलं नाही. मी मीठ वाढवलं. त्या भाजीला नावं ठेवायला लागल्या, मी उत्तर द्यायला लागले. सहा महिन्यांनी वॉकर धरून त्या दारापर्यंत यायला लागल्या. मार्थाबाई आणि त्या दुपारी पायरीवर बसून भांडायच्या, कुणाच्या वेळचा नाताळ चांगला होता म्हणून.

यंदा उन्हाळ्यात मार्थाबाई गेल्या. आठवडाभरच अंथरुणाला होत्या. त्यांना कुशीवर मी वळवायची, आणि त्या पडल्या पडल्या माझ्या चुका काढायच्या. "चादर आधी सरळ कर. किती खेपा सांगू?" शेवटच्या दिवशी पाळकसाहेब प्रार्थना करत होते, तेव्हाही त्यांचे डोळे उघडे होते. माझ्याकडे बघून म्हणाल्या, "जेवली न्हाईस तू अजून." त्यानंतर त्या बोलल्या नाहीत.

दफनविधीला सगळी मंडळी आली होती. सगळे परतल्यावर मी कब्रस्तानात थोडी मागे राहिले. भिंतीकडेच्या कोपऱ्यात लहान मुलांच्या जागा आहेत. माझ्या मुलाच्या जागेवर दगड नाही, पण मला ती सापडते. तिथलं गवत काढलं आणि घरी आले.

आत्या दारात वॉकर धरून उभ्या होत्या. माझे पाय धुऊन होईपर्यंत थांबल्या. मग म्हणाल्या, "बस." स्वतः हळूहळू जाऊन, अर्धं सांडत, त्यांनी मला तांब्याभर पाणी आणून दिलं. मी पाणी प्याले. त्या माझ्या हातांकडे बघत होत्या. नखांत माती होती.

"पोराकडं गेलतीस?"

वीस वर्षांत त्यांनी पहिल्यांदा त्याचं नाव काढलं होतं. नाव तरी कसलं, त्याला नाव नव्हतंच. नाव बाप्तिस्म्याला ठेवतात, त्याच्या आधीच तो गेला. मी नुसती मान हलवली.

आत्या वॉकर सोडून माझ्याशेजारी टेकल्या. मग खाली बघत म्हणाल्या, "मी लई वंगाळ बोलली तवा. तुझ्यात कायबी उणं नव्हतं." आणि वर बघून, "काय नाव ठेवणार हुतीस त्याचं?"

ते नाव मी कुणाला सांगितलं नव्हतं, मालकांनाही नाही.

"दानिएल," मी म्हटलं.

त्यांनी ते तोंडातल्या तोंडात दोनदा म्हणून बघितलं. मग माझ्या गुडघ्यावर हात ठेवला.

"दानिएल लांबडं हुतंय गं," त्या म्हणाल्या. "मी दान्या म्हटलं असतं त्याला."