अण्णांनी पाहिलेलं माझं भटजीचं काम

मी अमेरिकेला निघालो त्या दिवशी अण्णांची, म्हणजे माझ्या वडिलांची, फर्स्ट शिफ्ट होती आणि त्यांनी ती बदलून घेतली नाही. भिवपुरीच्या कॉलनीत आमच्या क्वार्टरसमोर भाड्याची जीप दुपारपासून उभी होती. आई सुकटीची पुडी चार पिशव्यांत गुंडाळून बॅगेत कोंबत होती. शेजारीपाजारी बॅग उचलून वजनाचा अंदाज सांगत होते, जणू तीच विमानात बसणार होती आणि मी मागे राहणार होतो. तीन वाजून गेल्यावर अण्णा पॉवर हाऊसकडून चालत आले, अंगात खाकी कपडे, हाताला ग्रीस. गळ्यात पडायची पद्धत आमच्याकडे नाही. ते जीपच्या खिडकीशी आले आणि सगळ्या कॉलनीला ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाले, "पोटासाठी कायबी कर रं. पन कुनापुढं वाकायचं नाय. आपली मानसं लय वाकली."

टर्बाइनशेजारी जन्म काढलेल्या माणसाला हळू बोलता येत नाही. आमची सगळी कॉलनीच ओरडून बोलायची. दर एप्रिलात जयंतीचं नाटक अण्णा बसवायचे, आणि पाचवीत असताना मला पहिल्यांदा रंग लावला तोही त्यांनीच. पुढे अमेरिकेत ऑडिशनला गेलो तेव्हा समोरची बाई म्हणाली, "माईक इथेच आहे, जरा हळू." हळू बोलायला शिकण्यात माझी दोन वर्षं गेली.

गेलो होतो इंजिनिअरिंग शिकायला. नोकरीही लागली. शनिवार-रविवार खायला उठायचे म्हणून एका हौशी नाटक मंडळात जायला लागलो, आणि तिथून एक दिवस नोकरी सोडून थेट लॉस एंजेलिसला. घरी सांगितलं, बदली झाली. मग कुठल्याशा मालिकेत मी टॅक्सी चालवताना माझ्या बहिणीला, सुजाताला, दिसलो. तिने तो तुकडा घरच्यांना दाखवला. आईने फोन करून आधी रडून घेतलं. "येवडं शिकून गाडी चालवतोस व्हय रं?" ते नाटकातलं काम आहे हे पटवून देईपर्यंत माझं फोनचं कार्ड संपलं.

तिकडे राहिलेल्या तुम्हाला हे सांगायला हवं. आणि माझ्यासारखे जे निघून आले त्यांना वेगळं सांगायला नको. इकडे टीव्हीवर कोणी कोणाची नावं लक्षात ठेवत नाही, निदान आमच्यासारख्यांची तरी नाही. नायकाला वाईट बातमी देणारा डॉक्टर मी. मोटेलच्या काउंटरवरून किल्ली सरकवणारा मी. हॅकर होऊन कॉम्प्युटरकडे बघत "आत शिरलो!" म्हणणाराही मीच. नामावलीत माझं नाव 'डॉक्टर क्रमांक दोन'च्या पुढे येतं आणि तेव्हा लोक चॅनल बदलतात. सुपरमार्केटमध्ये माणसं टक लावून बघतात आणि विचारतात, "तुम्ही आमच्या डेंटिस्टकडे असता ना?" मी हो म्हणून मोकळा होतो. आईची शंका वेगळी होती. "खरं इंजेक्शन तरी देता येतं का रं तुला?"

अण्णा मात्र प्रत्येक काम बघायचे. रिटायर झाल्यावर क्वार्टर सुटलं आणि ते दोघं खोपोलीला, शिळफाट्याजवळ फ्लॅटमध्ये आले. ज्या घरातून मी निघालो त्याच्या दारावर आता दुसऱ्याच ऑपरेटरची पाटी आहे. मागच्या खेपेला मी बाहेरूनच बघितलं. डोंगरावरून पॉवर हाऊसकडे उतरलेले ते जाडजूड पाइप तसेच होते. ओट्यावर एक अनोळखी बाई गहू निवडत बसली होती. तिने "कोन पायजे?" विचारलं तेव्हा पत्ता चुकला म्हणून मी मागे वळलो, आणि फार वाईट वाटलं.

गेल्या वर्षी एका विनोदी मालिकेत मला भटजीचं काम मिळालं. भारतीय लग्नाचा प्रसंग, तीन मिनिटं पडद्यावर, म्हणजे आमच्या हिशेबात दिवाळी. धोतर, कपाळावर गंध, गळ्यात जानवं. दिग्दर्शक तरुण आणि भला. म्हणाला, "मंत्र तुम्हाला येतच असतील, तेच म्हणा."

मला एकही येत नव्हता. कुठून येणार? आमच्या घरातली लग्नं विहारात, पांढऱ्या कपड्यांत, त्रिसरण पंचशील म्हणून लागतात. अग्नीभोवतीचे फेरे मी फक्त वर्गमित्रांच्या लग्नात पाहिलेले, तेही जेवणाच्या पंगतीवर डोळा ठेवून. लाइट लागले, वधू-वर बसले, सगळे माझ्याकडे बघायला लागले. मी डोळे मिटले आणि जे पाठ होतं ते सुरू केलं. त्रिसरण झालं, पंचशील झालं. सेटवर कोणाला काही कळलं नाही. उलट मेकअपवाली म्हणाली, अंगावर काटा आला.

प्रसंग दाखवायच्या आधीच त्याचा फोटो खोपोलीत पोहोचला. नात्यातल्या कोणीतरी मोठ्या कौतुकाने ग्रुपवर टाकला होता. अण्णांनी तो पाहिला आणि फोनवर यायचं बंद केलं. आई म्हणायची, "झोपलेत," "खाली गेलेत." शेवटी तिला खोटं बोलायचा कंटाळा आला. "ते बोलायचं नाय म्हनतात. म्हनतात, ज्यांच्या दारात आमी हुबं राह्यलो नाय, त्यांचा दोरा ह्यानं गळ्यात घातला."

आई, मी तिथे काय म्हटलं ते ऐक, असं मला सांगता आलं असतं. पण एडिटिंगमध्ये माझा आवाज राहील की त्यावर सतार चढवतील, याची खात्री नव्हती. सतार चढली असती तर मी नुसता दोरा घातलेला माणूस उरलो असतो, आणि वर सबबी सांगणारा. म्हणून गप्प राहिलो. सात आठवडे. पंचाहत्तर वर्षांच्या माणसाने धरलेला अबोला किती लांबेल, याची भीती मला रोज वाटायची. सकाळी फोन हातात घ्यायचो आणि ठेवून द्यायचो. वीस वर्षं इथे काढली, पण इतका लांब मी कधीच नव्हतो.

भाग लागला. सुजाताने त्यांना टीव्हीसमोर बसवलं ते मला तिच्याकडूनच कळलं. दुसऱ्या दिवशी सकाळी मी स्टुडिओच्या पार्किंगमध्ये गाडीत बसून डॉक्टरची दोन वाक्यं घोकत होतो, तेव्हा फोन वाजला. आईचा नंबर, पण आवाज अण्णांचा. कसा आहेस नाही, काही नाही.

"चौथं शील गाळलंस रं."

मी म्हणालो, "अण्णा, मी म्हटलं असेल. कापलं असेल त्यांनी."

"कापलं नाय. तिसऱ्यावरनं पाचव्यावर उडी मारलीस. तोंड दिसतंय तुजं. मी तीनदा बघितलं."

खरं होतं. चौथं म्हणजे खोटं न बोलण्याचं. जानवं गळ्यात असताना ते कुठे अडकलं, मलाही कळलं नव्हतं. दिग्दर्शकाला नाही, एडिटरला नाही, ज्यांनी ज्यांनी तो भाग पाहिला त्यांतल्या कोणालाच नाही. शिळफाट्याजवळच्या एका फ्लॅटमधल्या म्हाताऱ्याला कळलं. माझं घर आता कुठे आहे म्हणून कोणी विचारलं, तर मी एवढंच सांगेन.

"दोर्‍याचं काय, अण्णा?" मी विचारलं.

"दोऱ्याचं नंतर बघू. आदी सगळं म्हन. पैल्यापासनं."

मी गाडीतून उतरलो, बूट काढले, तापायला लागलेल्या डांबरावर उभा राहिलो आणि सुरुवात केली. आवाज हळू ठेवायचं भानच राहिलं नाही. पलीकडून अण्णाही म्हणत होते, एक शब्द मागे, आणि चौथ्यापाशी ते माझ्यासाठी थांबले.