भिंतीला खिळा नको

"राहू द्या वहिनी, तारीख लागलीय."

भिंतीला खिळा ठोकू का, असं विचारलं की सरांचं हे उत्तर ठरलेलं. कॉट देऊ का? तारीख लागलीय. पंखा बदलू का? तारीख लागलीय. मी वैतागून म्हणायचे, "सर, तारीख कोर्टात लागलीय, पन घाम तुमाला येतो ना!" सर हसायचे आणि त्याच कुरकुरत्या पंख्याखाली चटईवर बसून पेपर तपासायला लागायचे.

बोईसरला आमच्या भाड्याच्या खोल्यांत सगळे कंपनीवाले. शिफ्टची बस दिसली की पळत सुटणारे. त्यांत हे एकटेच प्रोफेसर. परभणीच्या सरकारी कॉलेजातून यांना मुदतीआधीच उचलून पालघरला टाकलं होतं, तेही बायकोच्या हृदयाचं ऑपरेशन नुकतंच झालेलं असताना. सरांनी बदलीविरुद्ध केस टाकली. स्थगिती मिळाली नाही, म्हणून 'निषेध नोंदवून' रुजू झाले. हा शब्द मला त्यांनीच शिकवला. मी इथल्याच किनाऱ्यावरच्या नवापूरची. माहेरून सुके बोंबील आले की त्यांना वाटीभर कालवण द्यायचे. पहिल्यांदा नाक मुरडलं, पण वाटी चाटूनपुसून परत आली. "निषेध नोंदवून खाल्लं बरं का!" असा माणूस.

एका दिवाळीनंतर सरांच्या बाई आल्या, न कळवता. हडकुळ्या, पण चेहरा हसरा. पिशवीत मिसळणाचा डबा आणि एक छोटा आरसा. म्हणाल्या, "डॉक्टर म्हणाले, आता कुठंही राहा. म्हणून आले यांच्याजवळ." मी त्यांना नवापूरला नेलं. वाळत घातलेल्या बोंबलांच्या वासानं त्यांनी पदर नाकाला लावला, तरी समुद्राकडे बघत किती वेळ बसून राहिल्या. "मला बाई आवडलं इथं," म्हणाल्या. घरी आल्यावर माझ्याकडे खिळा मागितला, आरसा लावायला.

सर दारातच उभे होते. "खिळा नको. अगं, अर्जात लिहिलंय, बायको आजारी आहे, इथं येऊ शकत नाही. तू राहिलीस तर समोरचा वकील म्हणेल, संसार तर थाटलाय की! मग मला परत कोण पाठवील?"

"पण मीच आलेय ना," बाई म्हणाल्या. "मग परत कशाला जायचं?"

माझं डोकंच फिरलं. "सर, बाय दारात आली नं तुमी वकिलाचं काय घेऊन बसलाय?"

"थोड्याच दिवसांचा प्रश्न आहे वहिनी. तारीख लागलीय."

आणि त्यांना स्वतः गाडीत बसवून आले. आरसा तेवढा मागे राहिला.

तारखा पडत गेल्या. रोज संध्याकाळी ओट्यावर बसून फोन चालायचा, "जेवलीस? गोळी घेतलीस?" उन्हाळ्यात एक दिवस फोन तिकडून आला. सर तसेच परभणीला गेले आणि परतले ते डोक्याचे केस काढून. मी कालवण नेऊन ठेवलं. त्यांनी ते मुकाट्यानं खाल्लं. मला रडू आवरेना.

मग निकाल लागला. सर जिंकले! बदली रद्द, मूळ जागी परत. अभिनंदनाचे फोनवर फोन. सर उंबऱ्यावर बसलेले.

"ज्या घरासाठी भांडलो वहिनी, तिथं कुलूप आहे."

"मंग नका जाऊ. ऱ्हावा इथंच."

"कसा राहू? जिंकलोय ना."

कॉलेजनं लगेच कार्यमुक्त केलं. जाताना माझ्या हातात चावी ठेवली. "कालवण चांगलं असायचं," एवढंच बोलले आणि रिक्षात बसले.

खोली झाडायला गेले, तर भिंतीला खिळा. त्यावर तो आरसा. बरोबर बाईंच्या उंचीला.

आता तिथं कंपनीतला एक उंच भाडेकरू राहतो. आल्या आल्या म्हणाला, "भाभी, ये शीशा बहुत नीचे है. निकाल दूँ?"

"राहू दे," मी म्हटलं. "तुझ्यासाठी दुसरा खिळा ठोक."